सोनेरी काठाचे कप

मदत मागायला लाज वाटते म्हणता ना, मग आमच्या आईचं ऐका. मी नाशिकरोडला कॉन्व्हेंटमध्ये होतो. चर्चच्या फंडातून माझी फी भरायची का, हे ठरवायला सिस्टर आमचं घर बघायला येणार होत्या. आईने शेजारच्या रोझीमावशीकडून सोनेरी काठाचे कप आणि टेबलफॅन मागून आणला.

बाबा म्हणाले, "अगं, आपल्याला अडचण दाखवायचीय!"

"म्हणून काय घरी आलेल्या बाईला कान तुटलेल्या कपात चहा देऊ?"

सिस्टरनी वारा खात चहा घेतला. "घर छान ठेवलंय," म्हणाल्या. बाबांचा चेहरा पडला.

सिस्टर उठल्या. "आलेच आहे, तर शेजारी रोझीबाईंकडेही जाते. त्यांच्या मुलीचाही अर्ज आहे."

आई उडालीच. मावशी एका शब्दाने बोलली नव्हती! आईने सिस्टरना दारातच गप्पांत अडकवलं आणि बाबांना कप-पंखा देऊन मागच्या दाराने पिटाळलं.

मावशीकडे सिस्टरनी कप पाहिला, पंखा पाहिला, मग पंख्यामागे धापा टाकणारे बाबा पाहिले.

"दोघांचीही फी फंडातून भरू," त्या म्हणाल्या. "मला अजून एका घरी जायचंय. सामान तिकडे न्यायचं असेल, तर मी जरा हळू चालते."