अकरा मिनिटांची साडी

आता काही होईल, आता काही होईल म्हणून माणसानं खुर्चीवर किती वेळ सावरून बसावं, सांगा बरं? तुम्हाला सांगतो, पडद्यावर आमच्या गढा मोहल्ल्यातल्या घराची गच्ची, गच्चीवर दोरी, दोरीवर आमच्या हिची जांभळी साडी, ओली... अन् ती वाळून राहिली. बस! सिनेमा आमच्या पद्मजाचा. पोरीनं बँकेच्या परीक्षेचा फॉर्म भरला नाही, वर्षभर हेच करून राहिली होती. अन् गणपतीच्या कार्यक्रमात दाखवा म्हणून मंडळाच्या मागं लागलो मी! बाप ना! तीन मिनिटं झाली, साडी हलली. म्हटलं, आता काही होईल. कावळा आला, बसला, उडून गेला. मागून शैलजाबाई हळूच विचारतात, ‘काहो अण्णा, या साडीनं कोणी फास घेते का?’ कोणी म्हणे, ‘मोहन भैया, मशीन अटक गई क्या?’ अरे, अटकली असती तर सुटलो असतो! सातव्या मिनिटाला पडद्यावर आमची ही आली, पदर चाचपला, ‘अजून ओलीच आहे’ म्हणाली अन् गेली.

अकराव्या मिनिटाला संपला. पण संपला हे कळावं कसं? दिवे लागले तरी लोक पडद्याकडेच पाहून राहिले. अन् पोरगी भिंतीला टेकून ओढणीचं टोक चावून राहिली... लहानपणी पडली की रडू आवरायची ना, तोच चेहरा. काय करावं बापानं? जन्म गेला संगीत नाटकं पाहण्यात, तोंडातून आपसूक निघालं, ‘वन्स मोअर!’

मशीनवरच्या मोहननं खरंच पुन्हा लावला.

हिनं चिमटा काढला, ‘काहून बोंबललात?’ लोक एकेक करून ‘चलो, आरती है’ म्हणत सटकले. हॉलमध्ये आम्ही दोघं, मोहन, पोरगी अन् साडी! पण खोटं कशाला बोलू, काही होणार नाही हे एकदा माहीत झालं ना, की जीव निवांत होतो. साडीचा रंग कसा हळूहळू उजळत गेला, वाऱ्यावर हलकी होत गेली... पहिल्यांदा दिसलंच नव्हतं मला.

पोरगी शेजारी येऊन बसली. ‘बाबा, खरंच आवडला?’

‘हो,’ म्हटलं.

डोळे पुसत म्हणते, ‘मग आता मोठा काढते, दोन तासांचा. तुमच्यावर. तुम्ही नुसतं गच्चीवर बसायचं.’

सोमवारपासून बसून राहिलो आहे, तुम्हाला सांगतो... आता काही होत नाही.