खुब्याचं हाड कोणाच्या ताटात

सभेचे अध्यक्ष आणि आपल्या गावपरिषदेचे प्रमुख आदरणीय जिरगालबेक; जिल्ह्याहून आलेल्या पाणीखात्याच्या अधिकारीबाई; दोन चौक्यांवर तीन तास खोळंबून, कागदावर पाच शिक्के घेऊन पलीकडच्या सरचश्मा गावाहून आलेले आपले ज्येष्ठ पाहुणे निझोमिद्दिन-अका; मागे अजून उभेच असलेले तरुण (बाबांनो, पुढच्या खुर्च्या रिकाम्या आहेत, त्या कुठल्याच देशाच्या नाहीत, बसा); आणि जिला निरोप द्यायला आपण जमलो ती आपली सगळ्यांची थोरली बहीण, बुरुलकान-एजे, सर्वांना माझा सलाम.

अध्यक्षांनी घड्याळ काढून टेबलावर ठेवलंय, ते मी पाहिलं. थोडक्यात बोलतो. मी पुलाजवळच्या चायखान्यात बशा विसळायला लागलो आणि पुढे तो चायखाना माझा झाला, एवढंच माझं शिक्षण. पण चहा ओतणाऱ्यासमोर लोक सगळं बोलतात, त्यामुळे ऐकलंय पुष्कळ.

एजे सत्तावीस वर्षं आपल्या पाटाची पाटकरी होती. पाट एक, गावं दोन, देश दोन. पाणी सोडायचं वरचं दार पलीकडच्या हद्दीत, खालची शेतं आपल्या हद्दीत. पाच दिवस त्यांची पाळी, पाच दिवस आपली. ऐकायला किती सोपं, नाही? मग त्यासाठी माणसं का मेली असती?

अकरा वर्षांपूर्वीच्या त्या एप्रिलबद्दल बोलतोय मी. गोष्ट तुम्हा सर्वांना पाठ आहे. आज मात्र मी ती घडली तशी सांगणार आहे.

आपली पाळी लागली आणि पाट कोरडा. बघायला गेलेले लोक सांगत आले की दाराला कुलूप आहे. त्या दाराला कधी कुणी कुलूप पाहिलं नव्हतं. तिसऱ्या दिवशी कांद्याची रोपं माना टाकायला लागली. चौथ्या दिवशी आपली पोरं शिकारीच्या बंदुका घेऊन या टेकडीवर, त्यांची त्या टेकडीवर. मागोमाग दोन्हीकडचे सैनिक. आपल्या अधिकाऱ्याने निरोप धाडला की चार वाजेपर्यंत दार उघडलं नाही तर माझी माणसं जाऊन कुलूप तोडतील. पलीकडून उत्तर आलं: हद्दीत पाऊल पडलं की गोळी.

त्या सकाळी एजे माझ्या दारात. "ममत, मेंढा काप."

"आज, एजे?"

"आजच. उद्या कापलास तर तो मयताचा होईल."

एजेच्या निरोपावरून अडीच वाजता पलीकडून दोघं आले. त्यांचे पाटकरी, हे आपले निझोमिद्दिन-अका, आणि त्यांच्या सैन्याचा एक तरुण कॅप्टन, सपाट मुलखातून नवाच बदलून आलेला. मी मांस वाढायला घेतलं. खुब्याचं हाड पंगतीतल्या सगळ्यांत वडीलधाऱ्याला आणि बरगडी पोरासोरांना, हे मी तुम्हाला सांगायला नको. सरचश्माच्या लोकांनाही सांगायला नको. त्यांच्या कितीतरी पिढ्या आपल्या लग्नांत जेवल्यात.

पण माझ्या खिडकीतून दोन्ही टेकड्या दिसत होत्या. वाढताना रस्सा दस्तरखानावर, जेवणाच्या चादरीवर, सांडला. मला कॅप्टनच्या कमरेचं पिस्तूल दिसलं आणि खुब्याचं हाड मी त्याच्यापुढे ठेवलं. अकांच्या ताटात बरगडी.

अकांनी ताटाकडे पाहिलं. मग माझ्याकडे. म्हणाले, "मी एवढा लहान झालो, कुणी कळवलं नाही मला." आणि त्यांनी काठी हातात घेतली.

पाहुणा न जेवता दस्तरखानावरून उठला की पुढे काय होतं, ते आपल्याकडे कुणाला समजवावं लागतं का? सव्वातीन वाजले होते.

एजे जागची हलली नाही. "बसा, अका. ममतने बरोबर वाढलंय. ज्याच्या हाती दार, त्याचा मान. किल्ली कॅप्टनसाहेबांकडेच असणार ना?"

कॅप्टन लालबुंद झाला. "माझ्याकडे कुठली किल्ली? ते कुलूप तुमच्याच लोकांनी लावलंय, असं सांगितलंय मला."

"आणि आमच्याकडे म्हणतात, तुमच्या सैनिकांनी."

कॅप्टनने आपल्या ताटाकडे बघितलं, ते दोन्ही हातांनी उचललं आणि अकांसमोर ठेवलं. "बाबा, हे माझं नाही." बरगडी त्याने स्वतःकडे ओढली.

अकांनी गळ्यातली दोरी वर काढली. दोरीला किल्ली होती.

"तुमची पोरं आमच्या पाळीत दार उघडायची," ते एजेला म्हणाले, "म्हणून कुलूप मी लावलं. तुमच्या पाळीच्या दिवशी उघडायला निघालो, तर आमच्याच पोरांनी वाट अडवली. म्हणाली, म्हातारा विकला गेला. घरी येऊन बसलो. हे कुणाला सांगू?"

एजेला ते ठाऊक होतं. अकांच्या जर्दाळूच्या कोठाराचं ते कुलूप, तिने पहिल्याच दिवशी ओळखलं होतं. मग गप्प का राहिलीस, असं मी नंतर विचारलं. म्हणाली, "मी सांगितलं असतं तर आपली पोरं त्यांच्या घरावर गेली असती. त्यांनी सांगितलं तर मान त्यांचा."

चारला दहा कमी असताना दोघं दाराकडे निघाली. बरोबर एकही सैनिक नाही. एजेने अकांचा दंड धरला होता. वरची एकही बंदूक खाली झाली नव्हती. अर्ध्या वाटेत एक दगड येऊन तिच्या पायाशी पडला. त्यांच्या टेकडीवरून नव्हे, आपल्या. ती थांबली आणि वर बघून ओरडली, "कोण रे तो? कांदे काढताना तरी नेम नीट धर." टेकडीवर कुणीतरी हसलं. त्या चार दिवसांतलं ते पहिलं हसू.

दार उघडलं. पाणी खाली गावात पोचायला वीस मिनिटं लागतात. ती वीस मिनिटं दोन्ही गावं नुसती ऐकत उभी होती.

दुसऱ्या दिवसापासून गावभर झालं की ममतने मुद्दाम चुकीचं हाड वाढलं, काय डोकं आहे. ही बातमी कुणी पसरवली असेल? एजेनेच. तेव्हापासून दोन्हीकडच्या लग्नांत मांस वाढायला मला बोलावतात. माझे पुढचे दोन चायखाने त्याच नावावर चालतात. आणि अकरा वर्षं मी नुसती मान डोलावत आलो.

ती अक्कल नव्हती, मंडळी. ती भीती होती. अका, त्या दिवशी मी तुमचा अपमान केला, आणि तो एजेने निस्तरला. ती उद्यापासून पाटावर नाही. टेकडीवर आता काटेरी तार आहे आणि सोमवारी पाळी बदलते. म्हणून म्हटलं, खरं काय ते आजच सांगून टाकावं, ती ऐकायला समोर असताना.

अका काहीतरी म्हणताहेत. काय म्हणालात? थांबा, सगळ्यांना सांगतो. ते म्हणतात, "मला तेव्हाच कळलं होतं. मुद्दाम करणाऱ्याच्या हातून रस्सा सांडत नाही."

म्हणजे अकरा वर्षं यांनीही मला सांभाळून घेतलं.

एजे, तुझे आभार. अका, तुमचे. ज्या चौकीवाल्यांनी पाचवा शिक्का शेवटी मारला, त्यांचेही. कुणाचं नाव आधी, कुणाचं मागून घेतलं असेल, कुणाला त्याच्या मानाचा शब्द मिळाला नसेल, तर ताट सरकवून उठू नका. मला सांगा. मी बदलून वाढतो.