बरुआसागरचं आलं

(झाशी. खंडेराव गेटजवळच्या घरात, संध्याकाळी. प्रमोदिनी आणि तिचा नवरा विद्याधर.)

प्रमोदिनी : मग बरुआसागरच्या बैठकीत शेतकऱ्यांना तुम्ही सांगितलंत तरी काय?

विद्याधर : सांगितलं, की आल्याच्या पिकावरचा रोग मॅडमच्या बुटांबरोबर आला. एका शेतातली माती दुसऱ्या शेतात गेली.

प्रमोदिनी : सोलांजच्या बुटांबरोबर? अहो, फ्रान्सहून पिकांचे रोग अभ्यासायला आलेली बाई. दोन वर्षं आपल्याकडे वरच्या खोलीत राहतेय. औषधाच्या पाण्यात बूट बुडवल्याशिवाय कुणाच्या बांधावर पाय ठेवत नाही ती. लोक हसतात तिला.

विद्याधर : माहीत आहे.

प्रमोदिनी : खरा कुठून आला रोग?

विद्याधर : आपल्या बेण्यातून. लावणीला आपण जे आलं विकलं, तेच आतून सडलेलं होतं. मॅडमनी तपासून परवा मला एकट्याला सांगितलं. म्हणाल्या, लोकांना तुम्हीच सांगा, तुमच्या तोंडून ऐकलं की बेणं बदलतील. त्यासाठीच तर बैठक बोलावली.

प्रमोदिनी : आणि?

विद्याधर : सगळ्यांची शेतं पिवळी पडलेली. शेतकऱ्यांतल्या कुशवाहाजींनी विचारलं, भैया, ये आया कहाँ से? मी उठलो, आणि तोंडातून भलतंच निघालं.

प्रमोदिनी : तिला हिंदी कळते.

विद्याधर : सगळं कळलं. एकानं त्यांचा नमुन्यांचा डबा कालव्यात ओतला, तरी त्यांनी आपल्या बेण्याचं नाव काढलं नाही. मी मान वर केली नाही. परतताना गाडीत एवढंच म्हणाल्या, वहिनींसाठी भाजी घ्यायची का?

प्रमोदिनी : तिच्या वडिलांचा द्राक्षमळा असाच रोगानं गेला. म्हणून तर ती यात पडली.

विद्याधर : वर जाऊन माफी मागतो.

प्रमोदिनी : तिला खरं काय ते माहीत आहे. ज्यांना माहीत नाही, त्यांच्याकडे आधी जा.

विद्याधर : आजोबांपासून ते लोक आपलं बेणं नेतायत. तोंड कसं दाखवू?

प्रमोदिनी : आज दाखवलंत तसंच.

विद्याधर : तो फोन दे इकडे. हॅलो, कुशवाहाजी? जी, पहुँच गए. सुबह सबको फिर बुला लीजिए. मैडम की कोई ग़लती नहीं थी. बीज मेरा ही ख़राब था. जी... जी हाँ, झूठ बोला मैंने.

प्रमोदिनी : काय म्हणाले?

विद्याधर : फोनच ठेवून दिला त्यांनी. अगं, मॅडम आता माझ्याशी कधी बोलतील का?

प्रमोदिनी : बोलतेय की. मघाशीच विचारत होती, तुम्ही चहा घेतलात का. तेच तर मला ऐकवत नाही.