काही दिसलं नाही

मायलेकी स्कॅनच्या खोलीतून बाहेर आल्या आणि माझ्या शेजारच्या बाकावर टेकल्या.

"काही दिसलं नाही म्हणाले गं, आई!"

"मग रडतेस काय? तुझ्या प्रयोगशाळेतही काही दिसलं नाही की अशीच तोंड पाडून बसतेस."

"अगं, तिथे कृष्णद्रव्य दिसायला हवं असतं. इथे गाठ दिसायला नको होती."

"मेलं दिसतच नाही, तर ते आहे कशावरून?"

"आकाशगंगा केवढ्या वेगाने फिरतात! नुसत्या दिसणाऱ्या ताऱ्यांच्या ओढीवर टिकल्या असत्या होय? तारे कधीच उधळले असते. काहीतरी घट्ट धरून ठेवतंय त्यांना."

"पटलं."

"एवढ्यात?"

"हो. आता माझा हात सोड, बोटं बधिर झालीत."