वर झालेले हात

काउन्सिलरला भेटलं की काम होतं म्हणता? मग माझं ऐका. दोन हजार सहाच्या सुमारास आमची काउंटी कौन्सिल, म्हणजे इथली जिल्हा परिषद, म्हाताऱ्यांचं डे सेंटर बंद करायला निघाली होती. सासूबाईंना या देशात घराबाहेर जायला तेवढी एकच जागा. कौन्सिलच्या सभेत मतदानाआधी लोकांना तीन मिनिटं बोलू देतात, म्हणून मी उभी राहिले. सासूबाई मागे व्हीलचेअरमध्ये. बोलता बोलता बघते, तर आमच्या भागाचे काउन्सिलर चक्क डोळे पुसतायत. मला वाटलं, जिंकलो.

मग मतदान झालं. बंद करा म्हणून त्यांचाही हात वर.

बाहेर त्यांना गाठलं. "अहो, तुम्ही तर रडत होतात."

"हो. फार छान बोललात. पण पक्षाच्या मीटिंगमध्ये सोमवारीच सगळं ठरलं होतं."

"मग मला बोलू तरी कशाला दिलंत?"

"तो तुमचा हक्क आहे," ते म्हणाले, आणि माझ्यासाठी दार धरून उभे राहिले.

सासूबाईंना इंग्रजी येत नाही. गाडीत बसल्यावर माझा हात हातात घेऊन म्हणाल्या, "केवढे हात वर झाले गं आपल्यासाठी."