सुरुवातीची मुलं

हेमावती : पण निम्मी मुलं हवीत म्हणजे कशाच्या निम्मी, अण्णा?

प्रदीपकुमार : वर्ग सुरू झाला तेव्हा होती त्याच्या. तेवढी नसली तर मराठीचा वर्ग बंद, मंडळाची खोली शिवणवर्गाला. ठरावच आहे, अक्का.

हेमावती : तेव्हा सरस्वतीबाई शिकवायच्या. त्या गेल्या. किती मुलं होती, कुणाला आठवतंय आता?

प्रदीपकुमार : कमिटीतले नरसिंहराव सभेत म्हणाले ना, साठ टक्के मुलं गळाली. उरलीत सहा. सहाचे साठ टक्के साडेतीनच्या वर, ते सहात मिळवले. दहा धरा. निम्मी पाच. आपली सहा! करा कमिटीच्या या कागदावर सही.

हेमावती : स्वल्प थांबा. दहातली साठ टक्के गेली तर किती उरतात?

प्रदीपकुमार : ...चार.

हेमावती : मग? गळती पहिल्या आकड्यातली, सहातली नव्हे. शंभरातली साठ गेली, चाळीस उरली. चाळीस टक्के म्हणजे आपली सहा. वीस टक्के म्हणजे तीन. पूर्ण शंभर म्हणजे पंधरा.

प्रदीपकुमार : निम्मी साडेसात.

हेमावती : आठ हवीत. दोन कमी पडतात.

प्रदीपकुमार : मला ठाऊक होतं, अक्का.

हेमावती : काय?

प्रदीपकुमार : दिवसभर दुकानात डिस्काउंट काढतो मी, एवढं कळत नाही होय? पण कमिटीत कोण ताळा करून बघतंय? आमची हर्षिता तुमच्यामुळं आजीशी मराठीत भांडायला लागली. दहाच लिहू, सरी? चालेल ना?

हेमावती : मी दमलेय हो. आठवडाभर ऑफिस, रविवारी हे. तो विराट अर्धा तास पेन्सिलच शोधतो. खरं सांगू? आठ हवीत म्हणताना वाटलं, सुटले एकदाची. आणि लगेच डोळे भरून आले.

प्रदीपकुमार : म्हणून तर म्हणतो, दहा.

हेमावती : नको. खोटा आकडा लिहून मला त्या खोलीत बसता येणार नाही. पंधरा लिहा, मी सही करते.

प्रदीपकुमार : म्हणजे मल्लेश्वरमचा वर्ग संपला. रविवारी पोरं दाराशी येतील, त्यांना काय सांगू?

हेमावती : राजाजीनगरला पाठवा, आमच्या घरी.

प्रदीपकुमार : तुमच्या त्या एवढ्याशा हॉलमध्ये?

हेमावती : सहा मावतात.