मामाचा तांब्या

आमच्या आईची अंघोळ घालायची रीत सांगते तुमाला. निजामाच्या काळात आमी झरीला होतो. धाकटा गोविंद डोक्यावर पाणी पडलं की लय रडायचा. म्हणून आई एकेक तांब्या नात्याच्या नावानं ओतायची. "हा आज्याचा, हा काकाचा, हा आत्याचा." मग तो नावं ऐकत गप बसायचा. मामाचा तांब्या मात्र कधी निघायचा न्हाई, कारण आईला भाऊच नव्हता.

एक दिवस अंघोळ चालू असतानाच पिकं पाहायला आलेला सरकारी गिरदावर दारातून ओरडला, "मर्द किधर है? बुलाओ." वडील शेतात होते. या साहेबाला ताटकळवलं की तो माणसाला दिवसभर चावडीवर उभं करायचा.

त्या आवाजानं गोविंदानं भोकाड पसरलं. न्हाणीच्या आडोशातून आई म्हणाली, "रडू नको बाळा, भायेर तुझा मामा आलाय. हा बघ, मामाचा तांब्या."

गोविंद गप झाला. बाहेरचा आवाजही थांबला. मी डोकावले, तर गिरदावर ओट्यावर टेकला होता.

साहेब आल्याचं कळताच वडील शेतातून धापा टाकत आले. "माफी असावी सरकार," असं मोठ्यानं म्हणायला लागले.

गिरदावरानं ओठावर बोट ठेवलं. "आहिस्ता बोलो. भांजा नहा रहा है मेरा."